वळणावरची कटकट : गाडीचा ड्राइव्ह शाफ्ट जॉइंट ओळखायचा कसा आणि बदलतात कसा



मी चिपळूणला राहते आणि माझी शाळा घाटावर आहे. रोज सकाळी आम्ही तिघी शिक्षिका माझ्या जुन्या छोट्या गाडीतून कुंभार्ली घाट चढतो आणि संध्याकाळी उतरतो. गेल्या पावसाळ्याच्या शेवटी शाळेच्या गेटातून गाडी वळवताना पुढच्या चाकाकडून आवाज यायला लागला. कट-कट-कट-कट. गाडी सरळ झाली की आवाज बंद. मी एका गॅरेजमध्ये नेली. त्यांनी एक फेरी मारली, "चाकाचं बेअरिंग गेलंय मॅडम" म्हणून सांगितलं आणि बदलून दिलं. पैसे दिले, गाडी घेतली, आणि गॅरेजच्या फाटकातून वळतानाच परत कट-कट-कट.

आता बघा, नववीच्या वर्गात एखाद्या मुलाने नुसतं उत्तर लिहिलं तर मी विचारते, "कशावरून?" हाच प्रश्न मी गॅरेजमध्ये विचारला नाही. दुसऱ्या दिवशी आमच्या ओळखीच्या जुन्या मिस्त्रींकडे गेले. त्यांनी गाडी चालवायच्या आधी बॅटरी हातात घेतली, स्टेअरिंग एका बाजूला पूर्ण वळवायला सांगितलं आणि चाकाच्या मागे वाकून बघितलं. "हे बघा मॅडम." चाकाच्या आतल्या बाजूला काळं ग्रीस गोलाकार उडालेलं होतं. रबरी बूट घडीच्या जागी फाटला होता. आवाजाचं कारण त्या फाटक्या बुटाच्या आत होतं.

तुम्ही स्वतः पाना हातात घ्यावा असा माझा आग्रह नाही. पण गॅरेजमध्ये उभं राहून "कशावरून?" विचारता यावं, आणि वर्गात यंत्रांचा धडा शिकवताना एक खरंखुरं उदाहरण हाताशी असावं, यासाठी हे सगळं सविस्तर लिहिते आहे.

हा जॉइंट असतो कशासाठी?

जुन्या ॲम्बॅसेडर किंवा प्रीमियर पद्मिनीत इंजिन पुढे आणि ताकद मागच्या चाकांना असायची. मागची चाकं स्टेअरिंगने वळत नाहीत, त्यामुळे तिथे काम तुलनेने सोपं. डिसेंबर १९८३ मध्ये मारुती ८०० आली, तिच्यात ताकद पुढच्या चाकांना होती. आज आपल्याकडच्या बहुतेक छोट्या गाड्या तशाच आहेत. गिअरबॉक्समधून डावीकडे एक आणि उजवीकडे एक असे दोन लोखंडी दांडे निघतात आणि पुढच्या चाकांना फिरवतात. हेच ड्राइव्ह शाफ्ट. गॅरेजमध्ये कुणी साईड शाफ्ट म्हणतं, कुणी नुसतं एक्सल.

अडचण अशी की पुढचं चाक एका जागी स्थिर नसतं. खड्ड्यात ते खाली-वर होतं आणि स्टेअरिंग फिरवलं की आडवं वळतं. म्हणजे दांडा फिरता ठेवायचा, आणि तो फिरत असताना कोपरासारखा वाकलाही पाहिजे. म्हणून प्रत्येक शाफ्टला दोन सांधे असतात : एक गिअरबॉक्सजवळ, एक चाकाजवळ.

वाकणारा सांधा माणसाला फार पूर्वीपासून माहीत आहे. स्प्रिंगचा नियम ज्याच्या नावाने आपण शिकवतो त्या रॉबर्ट हूकचं नाव सतराव्या शतकापासून अशाच एका सांध्याला आहे. मधे अधिकच्या चिन्हासारखा तुकडा, दोन बाजूंना दोन चिमटे. ट्रकच्या खाली लांब दांड्याला आजही हा दिसतो. पण त्याच्यात एक खोड आहे, आणि ती वर्गात दाखवण्यासारखी आहे.

गॅरेजमधल्या सॉकेट पान्याच्या पेटीत असा छोटा वाकणारा सांधा असतो. तो मागून आणा. दोन्ही टोकांना खडूने खूण करा, सांधा ४५ अंशात वाकवून धरा आणि एक टोक हळूहळू फिरवा. कोनमापकाने दोन्ही टोकं मोजा. मधला चिमटा नेमका आडवा किंवा उभा असेल तिथून सुरुवात करायची. पहिलं टोक ४५ अंश फिरलं की दुसरं ४५ फिरत नाही! सुरुवात कुठल्या स्थितीतून केली त्यावर ते साधारण ३५ तरी फिरतं, नाहीतर ५५. पहिलं ९० झालं की दुसरंही बरोबर ९०. म्हणजे एका फेरीत दुसरं टोक दोनदा मागे पडतं आणि दोनदा पुढे पळतं. दहावीच्या मुलांना त्रिकोणमिती येते, त्यांना सांगा की एका कोनाचा टॅन दुसऱ्या कोनाच्या टॅनला वाकाच्या कोसाइनने गुणून मिळतो. स्वतः मोजलेला आकडा सूत्रातून निघाला की मुलांचे चेहरे बघण्यासारखे होतात.

हा सांधा जर पुढच्या चाकाला लावला तर प्रत्येक वळणावर चाक झटके देत फिरेल आणि स्टेअरिंग हातात थरथरेल. फोर्ड कंपनीतले इंजिनिअर आल्फ्रेड झेपा यांनी १९२० च्या दशकात यावर गोळ्यांचा सांधा काढला. एक बाहेरची वाटी, एक आतला गोलसर तुकडा, दोन्हींवर समोरासमोर सहा खाचा, आणि त्या खाचांमध्ये सहा पोलादी गोळ्या. गोळ्या जागेवर ठेवायला मधे एक पिंजरा. सांधा कितीही वाकला तरी गोळ्या दोन्ही दांड्यांमधल्या कोनाच्या बरोबर अर्ध्यावर राहतात, म्हणून दोन्ही टोकं सारख्याच वेगाने फिरतात. १९५९ मध्ये ब्रिटनमध्ये आलेल्या मिनी गाडीत हा सांधा वापरला गेला आणि छोट्या गाड्यांत पुढच्या चाकांना ताकद देण्याचा रस्ता मोकळा झाला. आपल्याकडे यालाच सीव्ही जॉइंट म्हणतात. चाकाजवळचा सांधा हा. गिअरबॉक्सजवळचा सांधा बहुतेक गाड्यांत वेगळा असतो. तो कमी वाकतो, पण आत-बाहेर सरकतो, कारण चाक खाली-वर झालं की दांड्याची लागणारी लांबी बदलते.

बूट फाटला की काय होतं?

दोन्ही सांध्यांवर पेटीच्या भात्यासारखं घड्या असलेलं रबरी आवरण असतं, तोच बूट. आत घट्ट काळं ग्रीस. बूट शाबूत असेल तर सांधा वर्षानुवर्षं टिकतो. रबर जुनं होऊन घडीत चिरलं की चाकाच्या वेगाने ग्रीस बाहेर फेकलं जातं आणि त्या जागी पाणी, चिखल, बारीक वाळू आत जाते. कोकणातला पावसाळा असेल तर सांगायलाच नको. ओल्या चिखलात गोळ्या घासत राहतात आणि खाचांमध्ये खड्डे पडतात.

मग आवाज वळतानाच का? सरळ रस्त्यावर गोळ्या खाचेतल्या जवळपास एकाच जागी बसून असतात. सांधा वाकला की प्रत्येक फेरीत प्रत्येक गोळी खाचेत पुढे-मागे धावते आणि झिजलेल्या खड्ड्याची कड ओलांडताना कट करते. म्हणून आवाजाची लय चाकाच्या फेऱ्यांशी जुळते, इंजिनाशी नाही. गाडी उभी ठेवून न्यूट्रलमध्ये रेस केली तर हा आवाज येणार नाही.

बुटाची किंमत जॉइंटच्या मानाने अगदी थोडी. बूट फाटलेला दिसला आणि आवाज अजून सुरू झाला नसेल, तर सांधा खोलून धुऊन, नवं ग्रीस आणि नवा बूट घालून काम भागू शकतं. आवाज सुरू झाल्यावर नुसतं ग्रीस भरून उपयोग नाही. खड्डा पडला तो पडला.

निदान करताना

एखादं मोकळं, सपाट मैदान शोधा, मुलं खेळत नसतील असं. स्टेअरिंग एका बाजूला पूर्ण वळवा आणि पहिल्या गिअरमध्ये हळू गोल फिरवा. काच खाली. मग दुसऱ्या बाजूला. झिजलेला बाहेरचा सांधा इथे बोलतोच, आणि जरा ॲक्सिलरेटर दाबला की जोरात बोलतो.

कुठल्या बाजूचा? गॅरेजमध्ये सांगतात की डावीकडे वळताना आवाज आला तर उजवा जॉइंट, उजवीकडे वळताना आला तर डावा. बऱ्याचदा हे जुळतं, कारण वळणात भार बाहेरच्या चाकावर येतो. पण त्यावर डोळे झाकून विसंबू नका. वळताना आतलं चाक बाहेरच्यापेक्षा जास्त कोनात वळलेलं असतं, त्यामुळे जास्त झिजलेला आतल्या बाजूचा सांधाही ओरडू शकतो. गाडीत बसून आवाजाची बाजू ओळखणं तर आणखी फसवं. म्हणून कानाने संशय घ्यायचा आणि डोळ्याने खात्री करायची.

डोळ्याने म्हणजे असं : इंजिन बंद, हँडब्रेक ओढलेला, चाक पूर्ण वळवलेलं. बॅटरीच्या उजेडात बूट बघा आणि बोटांनी घड्या फाकवून बघा, कारण चीर घडीच्या तळात लपते. रिमच्या आतल्या बाजूला, लोअर आर्मवर काळ्या ग्रीसचा फवारा दिसला तर पुरावा मिळाला. यानंतर मिस्त्रींनी चाक वर उचलून शाफ्ट हाताने दोन्ही दिशांना पिळून बघितला. बाहेरच्या सांध्यात कट-कट करून जाणवेल इतका ढिलेपणा असता कामा नये. आतला सांधा मात्र थोडा आत-बाहेर सरकतो, तो त्याचा स्वभावच आहे. तिथे घाबरून खर्च करू नका.

आता माझ्या बाबतीत झालेली गफलत. बेअरिंग गेलं तर घूंऽऽ असा एकसारखा आवाज येतो. तो सरळ रस्त्यावरही येतो, वेगाबरोबर वाढतो, आणि ॲक्सिलरेटर सोडला म्हणून थांबत नाही. माझी गाडी सरळ रस्त्यावर गप्प होती. एवढी एक गोष्ट लक्षात घेतली असती तरी बेअरिंगचे पैसे वाचले असते. खड्ड्यातून जाताना खट-खट वाजत असेल तर लोअर आर्मचा बॉल जॉइंट किंवा लिंक रॉड बघायला सांगा. वेगात ॲक्सिलरेटर दाबताना गाडी थरथरते आणि सोडला की शांत होते, किंवा पुढे-मागे करताना एकच धप्प आवाज येतो, तर आतल्या सांध्याकडे बोट दाखवा; गिअर टाकतानाच्या धप्प आवाजाला इंजिनाचं माउंटिंगही कारणीभूत असू शकतं.

"पण आवाजच येतोय ना, चालतेय तोवर चालवू," असं माझ्या घरी म्हणणं पडलं. कट-कट सुरू झालेला सांधा उद्याच मोडेल असं नाही, काही गाड्या कित्येक महिने तशाच चालतात. पण घाटात काय होईल ते समजून घ्या. गिअरबॉक्समधला डिफरन्शियल दोन्ही चाकांना ताकद वाटतो, आणि ज्या बाजूला विरोध नाही ती बाजू मोकळी फिरते. एका बाजूचा सांधा मोडला की सगळं फिरणं तिकडेच जातं. इंजिन ओरडतं, गाडी जागची हलत नाही. त्याहून वाईट म्हणजे चढावर गाडी गिअरमध्ये ठेवून उभी केली तरी गिअर तिला धरत नाही! धरतो तो फक्त ब्रेक. चढावर गाडी अशी अडकली तर आधी हँडब्रेक, मग चाकांना दगड, आणि नंतर माणसं उतरवायची. हे सोबतच्या दोघींना मी त्याच दिवशी सांगून ठेवलं.

बदलण्याचं काम

मिस्त्रींनी मला बाजूला स्टूल दिलं आणि मी सगळं काम बघितलं. सर्वात आधी, चाक जमिनीवर असतानाच मधला मोठा हब नट ढिला केला. मी आत बसून ब्रेक दाबून धरला होता. हा नट फार घट्ट असतो. छोट्या गाड्यांत साधारण १५० ते २५० न्यूटन-मीटर, नेमका आकडा त्या गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमध्ये असतो. २०० धरा आणि अर्ध्या मीटरचा पाना घ्या : टोकाला ४०० न्यूटन, म्हणजे जवळजवळ ४० किलो वजन टांगावं लागेल. पान्याला पाइप लावून एक मीटर केला की २० किलोत भागतं. तरफेचा धडा शिकवताना मी आता हेच गणित देते. गाडी जॅकवर असताना हा जोर लावला तर गाडी जॅकवरून सरकू शकते, म्हणून जमिनीवर.

मग मागच्या चाकांना दगड, पुढे जॅक, आणि जॅकशिवाय खाली भक्कम स्टँड. नुसत्या जॅकच्या भरवशावर गाडीखाली कुणी जायचं नाही. पालकांनी हे मुलांसमोर मुद्दाम म्हणावं. चाक काढलं, लोअर आर्मचा बॉल जॉइंट नकलमधून सोडवला आणि नकल बाहेर ओढून शाफ्टचं दातेरी टोक हबमधून काढलं. टोक अडलं होतं. मिस्त्रींनी नट आट्यांच्या टोकापर्यंत परत फिरवला, त्यावर लाकूड ठेवलं आणि मग हातोडा मारला. आट्यांवर थेट हातोडा मारला तर नवा नट बसणार नाही. ब्रेकचा पाइप आणि एबीएसची वायर ताणली जाणार नाही याकडे त्यांचं सारखं लक्ष होतं.

फक्त बाहेरचा सांधा बदलायचा असेल तर काही जण शाफ्ट गिअरबॉक्समध्येच ठेवून काम उरकतात. माझ्या आतल्या बुटालाही चिरा पडल्या होत्या, म्हणून गिअर ऑइल काढून पूर्ण शाफ्ट बाहेर घेतला. तो टॉमीने उचकटताना ऑइल सीलला ओरखडा गेला तर नंतर तेल गळतं, तेव्हा इथे घाई नको. शाफ्ट बाकावरच्या व्हाइसमध्ये धरला, जुने क्लॅम्प कापले, ग्रीस पुसलं. सांध्याच्या आतल्या तुकड्यावर पितळी पट्टी ठेवून नेमका एक फटका मारला आणि सांधा दात्यांवरून निघून आला. काही गाड्यांत फटका मारून चालत नाही, आधी सर्क्लिप पकडीने फाकवावी लागते.

नवा जॉइंट आणताना गाडीचं मॉडेल, साल, पेट्रोल की डिझेल, एबीएस आहे की नाही, हे सगळं सांगा आणि जमलं तर जुना सोबत न्या. दाते मोजून घ्या, दोन्ही बाजूंचे, हबमध्ये जाणारे आणि शाफ्टवर बसणारे. एका दात्याचा फरक असला तरी बसणार नाही.

यानंतरची चूक शिकाऊ मुलं हमखास करतात म्हणे. जॉइंट शाफ्टवर ठोकून बसवतात आणि मग लक्षात येतं की बूट टेबलावरच राहिला. आधी छोटा क्लॅम्प, मग बूट, मग नवी सर्क्लिप, आणि शेवटी जॉइंट. सर्क्लिप बसली की आवाज येतो, तरी ओढून बघायचं. पुडीत आलेलं काळं ग्रीस पूर्ण भरायचं, थोडं सांध्यात दाबून आणि उरलेलं बुटात. त्यात मॉलिब्डेनम डायसल्फाइड असतं, जे गोळी आणि खाच यांच्यातल्या प्रचंड दाबाखालीही टिकतं. डब्यातलं साधं ग्रीस भरून कुणी वेळ मारून नेत असेल तर नको म्हणा. मोठा क्लॅम्प आवळण्याआधी बुटाची कड उचलून आतली हवा सोडली, नाहीतर बूट फुगलेला किंवा पिचकलेला राहतो आणि लवकर चिरतो.

परत बसवताना आतलं टोक गिअरबॉक्समध्ये खट् करून बसलं पाहिजे. हब नट नवाच घ्यावा, चाक जमिनीवर आल्यावर टॉर्क रेंचने ठरलेल्या आकड्याइतका आवळावा आणि ज्या गाडीत जशी सोय असेल तशी स्प्लिट पिन घालावी किंवा नटाची कड खाचेत ठोकावी. नट पूर्ण आवळण्याआधी गाडी ढकलू नये, बेअरिंग खराब होतं. माझं बेअरिंग तर नवंकोरं होतं! गिअर ऑइल भरायला विसरू नका, आणि बिलात ते लिहिलंय का बघा.

शाळेच्या मैदानात दोन्ही बाजूंना गोल फिरवून बघितलं, आवाज नाही. आठवड्याने परत बॅटरी घेऊन बघितलं : बूट कोरडा, गिअरबॉक्सच्या सीलजवळ तेलाचा डाग नाही.

जुना जॉइंट मी मागून घेतला. रॉकेलमध्ये धुतला (पेट्रोल अजिबात वापरू नका) आणि नववीच्या वर्गात नेला. आतला तुकडा एका बाजूला जास्तीत जास्त वाकवला की समोरची गोळी पिंजऱ्यातून बाहेर येते, अशा एकेक करत सहा गोळ्या मुलांनीच काढल्या. खाचेवरून नखाने बोट फिरवा म्हटलं. पाच खाचा गुळगुळीत वाटल्या असं एक मुलगी म्हणाली, सहाव्यात नख अडकलं. दुसऱ्याने परत सगळ्या तपासल्या आणि म्हणाला, "नाही बाई, दोन ठिकाणी अडकतंय." मग त्या दोघांचं भांडण सुरू झालं, आणि तास संपला तरी बाक रिकामा झाला नव्हता.